सिनेमासाठी कापलेल्या वेण्या

झोनाचं सिनेमातलं काम म्हणजे मागे उभं राहणं. पुढे मिस वेदरली, अंगाला तपकिरी रंग फासून सरदाराची मुलगी झालेली. आणि मागे झोना, कधी पाण्याची पखाल घेऊन, कधी दुसऱ्याचं पोर पाठीला बांधून. रडायला मात्र झोनाच लागायची. मिस वेदरली रडली की रंग ओघळायचा आणि आतली गोरी बाई बाहेर डोकवायची.

पहिल्या मोठ्या युद्धाच्या आदल्या वर्षीची ही गोष्ट. पाईन रिजवरून, म्हणजे सरकारनं आम्हा रेड इंडियनांना नेमून दिलेल्या मुलखातून, आमची बरीच मंडळी कॅलिफोर्नियाला गेली होती, समुद्राजवळच्या टेकडीवर तंबू ठोकून राहायची. पुरुषांनी गोळी लागून घोड्यावरून पडायचं, बायकांनी आक्रोश करायचा. झोनाचा भाऊ अमोस पडण्यात पटाईत. आईबाप लहानपणीच गेलेले, दोघांना वाढवलं आजीनं, आणि आजी इकडे घरी एकटी.

पोरीला एकच हाव होती, एकदा तरी आपलं तोंड पडद्यावर नीट दिसावं. वय एकोणीस. या वयात ती कुणाला नसते? पण हाव माणसाला कुठे नेऊन बसवते, ते बघा.

एका सिनेमात सरदाराच्या मुलीचा नवरा मरतो आणि ती केस कापते, असा प्रसंग होता. मिस वेदरलीचा टोप म्हणजे निव्वळ घोड्याची शेपटी, कापला तर सोंग उघडं पडलं असतं. सिनेमा घेणारा साहेब झोनाकडे आला. तू काप, म्हणाला, तुमच्यात कापतात तसे. तुझा चेहरा पडदाभर दिसेल.

आमच्यात बाई केस कापते ती घरचं माणूस गेल्यावर. एरवी नाही. कापलेले केस दिसले की कुणी नाव विचारत नाही. येऊन शेजारी बसतात आणि रडायला लागतात.

छावणीतल्या म्हाताऱ्या लेव्हायनं तिला सुरीला धार लावताना पाहिलं.

"कोण गेलं तुझं?"

"कुणी नाही, आजोबा. खोटं खोटं आहे."

"सुरी पण खोटी आहे का?"

ती धार लावत राहिली. अमोस त्या दिवशी घोडे घेऊन दरीत गेला होता, नाहीतर त्यानं सुरी हिसकावली असती. तिनं दोन्ही वेण्या कापल्या, पोटातून रडली, साहेब खूश झाला आणि जेवायची सुट्टी झाली. जेवताना सवयीनं वेणी पुढे घ्यायला तिनं हात मागे नेला, तर हाताला काहीच लागलं नाही. तिथून जी लाज धरली ती सुटली नाही.

आणि मिळालं काय? सिनेमा तयार झाला तेव्हा सुरी धरलेला हात तिचा, खाली पडणाऱ्या वेण्या तिच्या, आणि चेहरा मिस वेदरलीचा. तेलही गेलं, तूपही गेलं. झोनानं गाठोडं बांधलं. अमोसचं काम अजून बाकी होतं. त्यानं तिला एवढंच बजावलं, की आजीला आधी सांग, घरात पाय ठेवायच्या आधी सांग.

आगगाडीत ती तेच घोकत आली. डोक्याला घट्ट रुमाल. पण आजी दारातच उभी होती, आणि जवळ घेऊन डोक्यावरून, पाठीवरून हात फिरवायची तिची जुनी सवय. हात मानेपर्यंत आला आणि थांबला. रुमाल सरकला.

आजीनं काही विचारलं नाही. विचारायचं काय? जगात आता त्यांची तिघंच होती, त्यातल्या दोघी इथे. म्हातारीनं असा टाहो फोडला की शेजारची माणसं धावत आली. झोनाचं तोंड उघडेपर्यंत आजीनं सुरी घेतली आणि आपले पांढरे केस कानाशी कापून टाकले.

तेव्हा तरी ओरडायला हवं होतं. पण अंगण भरलेलं, बायका तिच्या गळ्यात पडून रडताहेत, आणि या सगळ्यांसमोर म्हणायचं काय, की सिनेमासाठी कापले? ती पण रडायला लागली. खरी लाज ही, की ती चांगली रडली. तिच्याकडे बघून इतरांना जास्त रडू आलं.

मेलेल्या माणसामागे घरातलं वाटून टाकायची आमची रीत. आजीनं गोधड्या दिल्या, शेगडी दिली, दोन्ही घोड्या दिल्या. मग ती अमोसचं खोगीर घेऊन बाहेर आली, तेव्हा झोनाला राहवलं नाही. तिनं आजीला आत ओढलं.

"आजी, अमोस आहे. धडधाकट आहे."

आजी खोगीर मांडीवर घेऊन खाली बसली. 

"मग हे केस?"

"सिनेमासाठी."

"कुणी कापले?"

"मीच."

 आजी उठली, तोंड पुसलं आणि बाहेर जाऊन सगळ्यांसमोर उभी राहिली. जन्मात खोटं न बोललेली बाई, जिच्या शब्दावर भांडणं मिटायची.

"माझा अमोस जिवंत आहे. मी म्हातारी मूर्ख. तिकडच्या तंबूंत पोरीच्या डोक्यात उवा झाल्या, म्हणून केस कापले. मी विचारलंच नाही तिला."

 मग शेजारची ॲग्नेस म्हणाली, "अगं म्हातारे, उवांपायी घर वाटलंस होय?" आणि अंगण हसायला लागलं. सुटल्यासारखं हसले सगळे. घोड्या घेतलेला माणूस लगाम परत देऊ लागला, तर आजी म्हणाली, दिलं ते दिलं. कानाशी वेडेवाकडे कापलेले केस घेऊन तीही त्यांच्यात हसत होती, आणि पोरंसोरं तिच्याकडे बोट दाखवत होती.

हसता हसता आजीनं एकदा झोनाकडे पाहिलं आणि थांबली. बोलायला तेवढी जागा होती. सिनेमासाठी कापले, झोनाचं एवढं एक वाक्य पुरलं असतं.

झोनानं हात वर केला आणि सगळ्यांसमोर डोकं खाजवलं. लोक आणखी हसले.