आवाज येतो, चित्र नाही

आमच्या घरात कॉम्प्युटर आला तो ह्यांच्या उजव्या हातासाठी. असं सांगितलं की लोक हसतात, पण खरं ते खरं. उन्हाळ्याच्या शेवटाला ह्यांच्या अंगावरून वारं गेलं आणि उजवी बाजू लुळी पडली. पाय हळूहळू चालीला लागला, बोलणंही बरंच सुधारलं. हात मात्र मांडीवर ठेवला की ठेवल्या जागी. बार्शीच्या व्यायामाच्या डॉक्टरीणबाईंनी रबरी चेंडू दिला, दाबत राहा म्हणाल्या. ह्यांनी दोन दिवस दाबला आणि मग कुत्र्याला फेकून मारला, तोही डाव्या हातानं.

बाईंनी मला बाजूला घेतलं. "आजी, आत्ताचे महिने महत्त्वाचे आहेत. हात कामात राहिला तर येईल. नाहीतर बोटं आखडून जातील, मग मलाही काही करता यायचं नाही." हे वाक्य मी घरी घेऊन आले आणि ते माझ्या पोटात जाऊन बसलं. भाकरी थापताना तेच, गाईची धार काढताना तेच.

लेक पुण्याला असते. तिनं तिचा जुना कॉम्प्युटर आणून ह्यांच्या खाटेशेजारी मांडला आणि फुगे फोडायचा खेळ लावून दिला. हे म्हणाले, "म्या काय लहान लेकरू हाय का?" आणि तोंड फिरवलं. पोरगी बापाची नस ओळखून आहे. दुसऱ्या खेपेला तिनं ट्रॉलीचा खेळ आणला. ट्रॅक्टरला मागं ट्रॉली जोडलेली, ती उलटी घेत घेत नेमक्या जागी लावायची. सगळं माउसवर. ह्यांनी उभी हयात कारखान्याला ऊस ओढला. दोन ट्रॉल्या जोडून, ऊस जिथून यंत्रात पडतो त्या गव्हाणीपाशी उलट्या लावायचे तेव्हा बाकीचे ड्रायव्हर बघत उभे राहायचे. खेळातला ट्रॅक्टर बघून म्हणाले, "ह्याला ट्रॅक्टर म्हनत्यात व्हय? ह्याचं पुढचं चाक बघ की, सायकलीचं बसवलंय." पण डाव्या हातानं उजवा हात उचलला आणि माउसवर नेऊन ठेवला. मी स्वयंपाकघरात जाऊन डोळे पुसले.

सुरुवातीला एक अडचण आली. तो खेळ पडद्याच्या मध्यभागी लहान चौकटीत उघडायचा. ह्यांचा हात थरथरायचा, मध्येच झटका द्यायचा, की बाण चौकटीच्या बाहेर. तिथं चुकून बोट दाबलं गेलं की खेळ गायब, नाहीतर भलतंच काहीतरी उघडून पुढ्यात उभं. हे चिडायचे. लेकीनं मग खेळ पूर्ण पडद्यावर लावून दिला. फुलस्क्रीन. आता हात कितीही भरकटला तरी बाण पडद्याच्या काठाला जाऊन थांबायचा. बाहेर असं काही उरलंच नाही. रोज जेवणाआधी तासभर हे खेळायचे. श्रावण-भादव्यात हात कोपरातून हलायला लागला, अंगठा तर्जनीला टेकायला लागला. बाई म्हणाल्या, "असंच चालू ठेवा, खंड पडू देऊ नका."

आणि खंड पडला तो खंडेनवमीला.

आमच्याकडं त्या दिवशी कामाची सगळी हत्यारं धुऊन पुसून पुजतात. विळे, खुरपी, कोयते ओळीनं मांडले, ट्रॅक्टर धुतला, शिलाई मशीनला हार घातला. मनात आलं, ह्या घरात सध्या सगळ्यात मोठं काम कोण करतंय? तर हा कॉम्प्युटर. मग त्याची पूजा राहून कशी चालेल? मी त्याच्या वायरी काढल्या, डबा पुसला, पडदा पुसला, देवापुढं पाटावर मांडला. हळद-कुंकू वाहिलं, झेंडूची माळ घातली. हे खाटेवरून म्हणाले, "नारळ फोडू नको त्येच्यावर, झालं." मी हसले. संध्याकाळी वायरी होत्या तशा लावून सगळं जागेवर ठेवलं.

दसऱ्याच्या सकाळी चालू केला तर पडदा लागला, पण रंग पिवळट, अक्षरं जाडीभरडी आणि पसरलेली. तरी म्हटलं, चालतोय ना. खेळ उघडला. पडदा काळाठिक्कर. त्या काळ्यात एक बारकी चौकट इकडून तिकडं फिरायला लागली, तिच्यात इंग्रजी अक्षरं. आणि ट्रॅक्टरचा आवाज मात्र येतोय! डबडबडबड, चालू. हे माउसवर हात ठेवून त्या अंधाराकडं बघत बसलेले.

"कुठं गेला गं?" म्हणाले.

"येतोय, येतोय," म्हटलं.

लेकीला फोन लावला. ती कामात होती. तिनं चौकटीतली अक्षरं वाचायला लावली. मी एकेक अक्षर सांगितलं. "आऊट ऑफ रेंज," ती म्हणाली. "आई, घाबरू नकोस. पडद्याला झेपत नाही असं चित्र खेळ पाठवतोय. ऑल्ट दाबून धर आणि एंटर मार."

मारलं. चित्र आलं, पण चौकटीत. लहान. माझा जीव भांड्यात पडला नाही तोच ह्यांचा हात झटका देऊन बाहेर गेला, बोट दाबलं गेलं, खेळ मागं पडला. पुन्हा आणला, पुन्हा गेला. तिसऱ्यांदा ह्यांनी माउस ढकलून दिला, तो वायरीला लटकत खाटेच्या कडेला लोंबत राहिला. हात शालीखाली घेतला. "बास," म्हणाले.

त्यानंतर तो हात शालीच्या बाहेर आला नाही. जेवण डाव्या हातानं, अंघोळीला मी. मी म्हणायची, "अहो, चौकटीत तर चौकटीत, जरा बसा." तर भिंतीकडं तोंड. मी तेल चोळायला हात घेतला की बोटं मुडपलेली लागायची. कालच्यापेक्षा आज जास्त का? का मलाच तसं वाटतंय? मी रोज एकेक बोट उलगडून बघायची आणि बाईंचं बोलणं आठवायची. ह्यांच्याकडं बघून हसायची, आणि परसात गेले की बोटांवर महिने मोजायची.

परंड्याच्या कॉम्प्युटरच्या दुकानदाराला फोन केला. तो म्हणाला, "मावशी, मदरबोर्ड गेला असंल. दिवाळीची गर्दी हाय, आणून टाका, बघू कवा जमंल ते." आणून टाका! जीपमधून धक्के खात तो डबा न्यायचा, आणि तो कवा जमंल तेव्हा बघणार. तोवर ह्या बोटांनी थांबायचं का? मी फोन ठेवला आणि गोठ्यात जाऊन गाईलाच सगळं सांगितलं.

रविवारी लेकीनं व्हिडिओ कॉल लावला.

"आई, आता नीट आठव. त्याला झालं काय? तू काय केलंस त्याला?"

"काई न्हाय बाई. नुसती पूजा केली."

"पूजा म्हणजे?"

"पुसलं, हळद-कुंकू लावलं, माळ घातली."

"देवापुढं नेलं कसं?"

"वायरी काढून. आता वायरीसकट नेऊ का देवापुढं?"

ती कपाळाला हात लावून हसायला लागली. मला राग आला. "हस, हस. इथं तुझ्या बापाचा हात चाललाय."

ती सरसावून बसली आणि म्हणाली, "बटणं सगळी बंद कर, प्लग काढ. पडद्याकडून डब्याला येणारी निळ्या तोंडाची वायर काढून मला दाखव."

काढली. त्या निळ्या तोंडात बारीक पितळी काड्या असतात, सुईपेक्षा नाजूक. मोबाईलचा उजेड धरून बघितलं तर एक काडी आडवी होऊन शेजारच्या काडीवर झोपलेली, आणि कडेला हळदीचा गोळा ओला होऊन वाळलेला. संध्याकाळच्या अंधारात मी ती वायर तिरपी घुसवली होती.

"तीच!" लेक ओरडली. "त्या काडीनं पडदा कॉम्प्युटरला स्वतःची ओळख देतो. ओळखच पटेना, म्हणून खेळ अंदाजानं मोठं चित्र पाठवतोय. शेजारच्या काडीला टेकली म्हणून रंगही पिवळा. आई, ती सरळ करायची. पण हळू. मोडली तर वायर गेली."

मोडली तर. एवढं सांगायची काय गरज होती? काटा काढायचा चिमटा आणला, चष्मा लावला. वायर गुडघ्यावर ठेवली तर निसटायची. मोबाईल कणगीला टेकवून ठेवलेला, त्यात लेकीला नुसतं छताचं आढं दिसत होतं आणि ती "काय चाललंय, काय चाललंय" म्हणत होती. एकदा चिमटा लागला, काडी किंचित उठली आणि पुन्हा झोपली.

खाटेवरून आवाज आला, "इकडं आन."

हे उठून बसले होते. डाव्या हातानं वायरीचं तोंड पकडलं, खाटेच्या लाकडावर दाबून घट्ट धरलं. "आता कर. बाजूनं न्हाय, खालून उचल." मी खालून उचललं. काडी कलली, कलली, आणि उभी राहिली. थोडी वाकडी, पण बाकीच्यांच्या रांगेत. कोरड्या ब्रशनं हळद झाडली. वायर सरळ लावली, दोन्ही बाजूचे स्क्रू आवळले.

बटण दाबलं तेव्हा मी पडद्याकडं बघितलंच नाही, ह्यांच्या तोंडाकडं बघितलं. तिथं उजेड पडला, पांढरा, पिवळट नाही. मग बघितलं. अक्षरं बारीक, स्वच्छ.

खेळ उघडला, तो आपला चौकटीतच. सेटिंगमध्ये जाऊन फुलस्क्रीन करायचं होतं, खाली आकड्यांची यादी. लेक म्हणाली, "जो आकडा पडद्याचा आहे तोच निवड, सगळ्यात मोठा नको." माझं बोट घसरलं, मोठाच निवडला गेला. पडदा पुन्हा काळा. आवाज डबडबडबड. "गेला, पुन्हा गेला!" मी ओरडले.

"कशाला हात लावू नकोस," लेक म्हणाली. "पसंत आहे का म्हणून तो विचारतोय. उत्तर नाही दिलं की आपोआप माघारी येतो."

थांबले. ह्या असल्या थांबण्यानं माणूस म्हातारा होतो. आला माघारी. ह्या वेळी दुसऱ्या हातानं बोटाला आधार देऊन योग्य आकडा निवडला. पडदा एकदा मिटला, उघडला, आणि ट्रॅक्टर कडेपासून कडेपर्यंत उभा. मागं ट्रॉली, आणि तिच्या मागं ती लावायची जागा, ह्यांच्या लेखी गव्हाणच.

मी बाजूला सरले. हे बसून होते. उजवा हात शालीखालीच. मी म्हटलं, "अहो, आलं की." डावा हात पुढं केला, माउस डाव्या हातानं धरला. एवढं करून डाव्यानंच खेळणार? मग तो कॉम्प्युटर कशाला, मी कशाला.

डाव्या हातानं ट्रॉली भिंतीवर गेली. पुन्हा घेतली, पुन्हा भिंतीवर.

"दादा, काय हे!" आदळल्याचे आवाज ऐकून कणगीला टेकवलेल्या फोनमधून लेक बापाला म्हणाली. "लोक बघत उभे राहायचे म्हणे."

"तू गप ग. डाव्या हाताला उलटी घ्यायची सवय न्हाय." मग शाल बाजूला सरकली. डाव्या हातानं उजवा उचलून माउसवर ठेवला गेला. बोटं मुडपलेली होती. मी उलगडायला पुढं झाले तर म्हणाले, "सरक, दिसंना मला." तळवा नुसता माउसवर टेकून राहिला. मग अंगठा हलला. मग तर्जनी, जड, जसा चिखलातून पाय काढावा तशी, बटणावर आली आणि दाबली गेली. ट्रॉली वीतभर मागं सरकली आणि थांबली.

मला विचाराल तर हात सुधारला का, तर अजून मी बाईंकडं त्यांना नेलेलं नाही, पुढच्या मंगळवारी नेणार आहे. बोटं मागच्याइतकी उघडतात की थोडी कमी, ते मला सांगता येत नाही. पण त्या रविवारी ती ट्रॉली गव्हाणीला लागेपर्यंत आमच्या घरात कुणी जेवलं नाही, आणि ती लागली तेव्हा भाजी पार थंड झाली होती.