भागीकाकींचा दुधी

दुपारचं जेवण जरा जास्तच झालंय. पुण्याची नोकरी सोडून या डोंगराखालच्या गावात आल्यापासून दुपारची झोप तेवढी मला उत्तम जमते. शेजारच्या भागीकाकींच्या बंद घराच्या ओट्यावर मी भिंतीला टेकून बसतो. वाफे करायला, वेल मांडवावर चढवायला मला काकींनीच शिकवलं. संक्रांतीला त्या गेल्या.

सकाळी बायकोनं, केतकीनं, विचारलं, "दुधीचं बी कुठे ठेवलंयस?" मी विषय बदलला. काकींनी चाळीस वर्षं बी राखून जपलेला वेल माझ्यापाशी येऊन संपलाय. कोवळे गोड लागतात म्हणून मी एकूण एक दुधी तोडून खाल्ला, बियाण्यासाठी एकही जून होऊ दिला नाही. आता मोबाइलवर पाकीट मागवायचं. मग शहर सोडलं कशाला? लाज वाटतेय. डोळे जड होतात.

मी मॉलमध्ये ट्रॉली ढकलतोय. सरकत्या जिन्यावरून भागीकाकी वर येतायत, पदर खोचलेला, अगदी मजेत.

"काकी, तुम्ही तर गेलात ना?"

"गेले की. म्हणून काय फिरू नये मानसानं?" त्या ट्रॉलीत डोकावतात. "ह्ये काय घेतलंस?"

"दुधीचं बी."

"इकत?" काकी इतक्या हसतात की जिना थांबतो.

"सगळे खाल्ले, काकी. एकही राखला नाही."

"पैल्या साली मीबी खाल्लं हुतं. सासूनं मला म्हायेरी धाडलं बी मागाया. रडतोस काय त्यात?"

जिना संपतो तिथे काकींचा ओटा आहे. वळचणीला मॉलचे दिवे लटकतायत. काकी शेणात राख कालवतात, त्यात बिया दाबतात आणि गोळा फटकन भिंतीला थापतात.

"आता कीड लागत न्हाई. वर्सभर ऱ्हातंय."

"तुमची फार आठवण येते, काकी."

"यिऊ दे. पर औंदा एक तरी यलावर ठेव, हावऱ्या. सगळ्यात देखना आसंल त्यो." मग भिंतीकडे बोट करतात. "खरवड की. बगतोस काय?"

मी खरवडतो.

"अरे, भिंत का ओरबाडतोयस झोपेत?"

समोर केतकी उभी आहे. माझ्या नखांत राख आहे, वाळलेलं शेण आहे. मी मूठ उघडतो. चार भुरक्या बिया.

केतकी भिंतीकडे बघते, मग माझ्याकडे.

"पहिला दुधी माझ्या नावचा," ती म्हणते. "वेलावरच जून होणार. तू हात लावायचा नाहीस."

मी हसून मान डोलावतो. डोळे भरून आलेत. मूठ पुन्हा घट्ट मिटतो.