नोटिशीची पोच

“आधी पानी, मंग कागद.” कुणाच्याही दारात गेले की कोतवालमामा हेच म्हणायचे. ओट्यावर टेकायचे, तांब्याभर पाणी प्यायचे आणि मगच पिशवीतून नोटीस काढायचे.

हिंगोली जिल्ह्यातल्या एका तहसील कचेरीत मी अव्वल कारकून होतो. कोणत्या, ते विचारू नका. चार गावं आणि दोन तांडे मामांकडे होते. नोटीस दारात टाकून पसार होणारे लोक तुम्हीही पाहिले असतील. मामा ती दोनदा वाचून दाखवायचे आणि विचारायचे, “तुमचं म्हननं काय?” समोरचा चिडायचा, कधी रडायचा. मामा सगळं ऐकून घ्यायचे.

मग आमच्या प्रतीवर, म्हणजे पोचेवर, सही घेऊन खाली गिचमिड अक्षरात वार, वेळ आणि माणूस कुठं सापडला ते लिहायचे. ‘गुरुवार, सकाळी नऊ, म्हैस धूत होते.’ एकदा तर ‘नवराबायकोचं भांडण चालू होतं, थांबलो’ असंही होतं. आम्ही कचेरीत मोठ्यानं वाचून हसायचो.

मग सरपंच बाईंचं प्रकरण आलं. बाई तांड्यावरच्या. सरकारी गायरानात घर बांधलं, म्हणून पदावरून का काढू नये, अशी कारणे दाखवा नोटीस वरून, जिल्हाधिकाऱ्यांकडून निघाली. सुनावणी बुधवारी सकाळी अकराला. पाकीट आमच्याकडे शनिवारीच आलं होतं. “असू द्या जरा,” तहसीलदार साहेब म्हणाले. उपसरपंच त्यांच्याकडे चहाला येऊन गेले होते. मी पाकीट टेबलावर असू दिलं. मामांच्या हातात ते पडलं बुधवारी सकाळी.

संध्याकाळी पोच आली. ‘बुधवार, दुपारी चार, हळद उकडायच्या कढईपाशी मिळाल्या.’ या वेळी कुणी हसलं नाही. आम्ही वर फक्त ‘नोटीस बजावली’ एवढंच कळवलं. ‘नोटीस मिळूनही गैरहजर’ असा शेरा पडून बाईंचं पद गेलं.

बाई हायकोर्टात गेल्या. नोटीस नेमकी केव्हा मिळाली, मूळ पोच दाखवा, असं कोर्टानं सांगितलं.

साहेबांनी मामांना आणि मला आत घेऊन दार लावलं. बाहेर जीप उभी होती, तासाभरात फाईल घेऊन निघायची होती.

“बुधवार खोडा, शनिवार करा. नजरचूक झाली म्हणा.”

“सनवारी कढई पेटलीच न्हवती, साहेब.”

“कढई गेली खड्ड्यात! तुमची नेमणूक माझ्या सहीनं आहे, ध्यानात आहे ना?”

“व्हय.”

“मग काहून अडून राहिले?” साहेब मामांच्याच बोलीत खेकसले.

मामा हळू आवाजात म्हणाले, “बाईनं इचारलं, मामा, सुनावणी तर सकाळीच झाली, आता मी कुटं बोलू? मंग म्हनली, निदान येळ तरी बराबर लिव्हा. तिचं म्हननं तेवढंच हाय ह्या कागदावर. ते माझ्या हातानं कसं खोडू?”

साहेबांनी पेन माझ्यापुढे सरकवलं. मी ते उचललं नाही. खोटं कशाला सांगू, ते धैर्य नव्हतं. मामांचं गिचमिड अक्षर मला जमलं नसतं आणि मी पकडला गेलो असतो, एवढंच.

फाईल तशीच गेली. बाईंचं ऐकून घ्या आणि मगच काय ते ठरवा, असं म्हणून कोर्टानं आदेश रद्द केला. ऐकल्यावर कळलं, घर गायरानात नव्हतंच, सासऱ्यांच्या नावच्या जागेत होतं. पद राहिलं.

दीड महिन्यानं मामांना कामावरून कमी केल्याचा आदेश निघाला. टाईप मीच केला, पोचवायलाही मीच गेलो. मामांनी कागद वाचला आणि उलटून मागची कोरी बाजूही पाहिली.

“भाऊसाहेब, ह्याच्या आधी एक कागद असतो ना? कारन दाखवा म्हनून?”

“तो काढला नाही.”

“म्हंजी मला इचारायचंच न्हवतं.”

मी म्हणालो, कोर्टात जा, नक्की जिंकाल. सरपंच बाई वकील बघून देतील. मामांनी कागदाची घडी घातली.

“जाईन की. पन कचेरी तर म्हनंल, नोटीस दिली व्हती. न्हवती दिली म्हनून तुमी तिथं सांगताल का?”

माझ्या नोकरीची अडीच वर्षं उरली होती. मी पोचेचा कागद पुढे केला, इथं सही करा म्हणालो. त्याची मला आजही लाज वाटते. मामांनी सही करून दिली आणि मला कोपऱ्यापर्यंत सोडायला आले.

कोर्टात ते गेलेच नाहीत. वसमतला मुलीकडे राहायला गेले. निवृत्त झालो त्याच आठवड्यात मी वसमतची एसटी धरली. चला मामा, उशीर झाला, पण आता मी सांगतो, एवढंच म्हणायचं होतं.

दार मुलीनं उघडलं. बाबांना जाऊन तीन आठवडे झाले, म्हणाली. मग तिनं विचारलं, “काय काम व्हतं त्यांच्याकडं?”

“आधी पाणी द्या,” म्हणालो आणि ओट्यावर टेकलो.