तारखेचा क्षय

जुन्या जालन्यात एका शेठच्या छापखान्यात मी कॉम्प्युटरवर टाईप करायची. शिकले आपली बघून बघून. समाजाच्या वधू-वर सूचीची चार महिन्यांची मेहनत त्या एकाच मशीनमध्ये होती.

एका दुपारी पेपरात वाचलं, एक व्हायरस मशीनमध्ये लपून बसतो अन् उद्याच्या तारखेला आपल्याआप जागा होऊन सगळं पुसतो. आमच्याकडं तर गावभरच्या फ्लॉप्या यायच्या! इलाजाची सीडी औरंगाबादहून यायला दोन दिवस. शेठ बाहेरगावी, अन् त्यांचा हुकूम, टायपिंगशिवाय कुठं हात लावायचा न्हाई. सहाला लाईट जायची, अन् सकाळी गावाहून आल्या आल्या शेठ मशीन चालू करणार.

म्हटलं, एवढ्या पोरींची स्थळं अशी पुसू देते का मी? पंचांगात तिथीचा क्षय होतो, मंग तारखेचा का न्हाई? धुंडून धुंडून तारीख बदलायची जागा सापडली. सहाला पाच कमी असताना उद्याची तारीख गाळून थेट परवाची घातली.

सकाळी शेठनी मशीन चालू केली अन् ओरडले, "बाई, ही दोन दिवस पुढची तारीख कशी?"

"आजच्या तारखेचा क्षय झालाय, शेठ. आधी सूची बघा."

सूची जागेवर होती. सीडी आली तेव्हा तो व्हायरस निघालाच. शेठ स्वतः जाऊन माझ्यासाठी चहा सांगून आले.