इन्याकी शेवटपर्यंत जिवंत राहतो

मिरजेच्या फलाटावर बाबांनी माझ्या हातात मेतकुटाची पुडी दिली आणि म्हणाले, "पोचलीस की पत्र टाक. आणि शेजार जप. नातलग विमानाने येतात, शेजारी चपला घालून येतो."

लॉस एंजेलिसमध्ये माझा शेजार म्हणजे इन्याकी. साठीचा, लोकरीसारख्या दाट भुवयांचा. स्पेनच्या उत्तरेकडील बास्क डोंगरांतून तो तरुणपणी मेंढपाळ म्हणून आला आणि त्या भुवयांच्या बळावर सिनेमात गेला. तीस वर्षांत त्याने मेक्सिकन दरोडेखोर केले, ग्रीक खलाशी केले, इटालियन पाद्री केले. बास्क माणूस मात्र एकदाही नाही. आणि प्रत्येक चित्रपटात तो आपल्या हिशेबाने मध्यंतरापूर्वीच मरे. नव्या मरणाची तालीम तो अंगणात करी. संत्र्याच्या मोहोराचा वास दरवळत असे आणि हिरवळीवर इन्याकी शांतपणे गतप्राण होत असे.

गावी त्याची थोरली बहीण होती, माइते. तीस वर्षांत भेट नाही. गावच्या थिएटरात ती भावाला केवळ मरताना पाही. अखेर तिने लिहिले, "तुझे अंत्यविधी पुरे झाले. शेवटपर्यंत जिवंत राहशील, तेव्हाच मला कळव." त्याने खटपट करून जहाजावरच्या आचाऱ्याची भूमिका मिळवली, कारण आचारी वाचतो असे पटकथेत होते. तिसऱ्या आठवड्यात दिग्दर्शकाचे मन बदलले आणि आचारी बुडाला. इन्याकी आमच्या पायरीवर येऊन बसला, तेव्हा त्याच्या कोटाला खाऱ्या पाण्याचा वास होता. आता बहिणीला लिहिण्यासारखे काही उरले नाही, असे तो म्हणाला.

दिवाळीसाठी माझी आई आली होती. मी सारे मराठीत सांगितले, तशी ती हात पुसत उठली.

"मेल्याची खोटी बातमी उठली की माणसाचं आयुष्य वाढतं. हा तर मार्कंडेय झाला. उद्या भाऊबीज आहे. हिच्या बहिणीच्या वाटचं मी ओवाळते. सुधीरराव, तुम्ही शूटिंग करा."

'हिच्या' नव्हे, 'ह्याच्या', अशी तिची घाईतली चूक माझ्या नवऱ्याने दाखवताच आई म्हणाली, "तुम्ही कॅमेरा बघा."

दुसऱ्या दिवशी इन्याकी पाटावर बसला आणि त्याने व्यावसायिक गांभीर्याने विचारले, कोणत्या बाजूला पडू? आईने कळवले की पडायचे नाही, बसायचे. कुंकू झाले, अक्षता झाल्या. तोंडाभोवती अंगठी फिरताच सवयीने त्याचे डोळे मिटले, मान कलली. रिटेक. तुपाच्या वातीचा धूर वर चढला आणि स्मोक अलार्म किंचाळला. पुन्हा रिटेक. शेवटी आईने त्याला बेसनाचा लाडू भरवला आणि त्याने तबकात मेंढीच्या दुधाचे चीज ठेवले.

अमेरिकन कॅसेट युरोपात चालत नसे. तिथे चालेल अशी कॅसेट बनवून देणारे एक भारतीय दुकान होते. मुख्यतः लग्नाची कामे करणारे. आमच्या व्हीसीआरवर ती नवी कॅसेट दिसणार नव्हती, म्हणून न पाहताच पाठवली. नंतर कळले की दुकानदाराने प्रेमाने, मागितल्याविना, सनई घातली होती, चौकटीला गुलाब लावले होते आणि इन्याकी व आई यांना एका बदामात बसवले होते.

माइतेचे उत्तर इन्याकीने आम्हाला मोठ्याने वाचून दाखवले : "या वेळी तू मेला नाहीस. वधू वयस्क आहे, पण हाताला चव असावी. घेऊन ये."

आईने पदर तोंडाला लावला. बाबांनी फोनवर एवढेच विचारले, "वरपक्षाचा मान राखलात ना?"

इन्याकी हसता हसता थांबला. हे पत्राने निस्तरणार नाही, स्वतः जावे लागेल, असे म्हणून त्याने त्याच आठवड्यात तिकीट काढले. तीस वर्षांत प्रथमच.

माझ्यासारख्या निघून आलेल्यांनो, आणि मागे राहिलेल्यांनो, घराची माझी व्याख्या तेव्हापासून एवढीच आहे : जिथला गैरसमज समोर बसून, जेवूनच दूर करावा लागतो, ते घर. त्या हिवाळ्यात आईबरोबर मीही मिरजेला गेले. माझ्याविषयी तिथे काय काय समजून बसले आहेत, ते एकदा ऐकून घ्यायला.