ओहोळाकाठची एकतारी

काचबिंदूनं गेलेली माझी नजर परत येणार नाही, उरलेलीही जाईल, असं कल्याणच्या डॉक्टरांनी सांगितलं त्या दिवशी मी देवावर रुसले. इतकी वर्षं घरच्या खंडोबाची पूजा केली ती यासाठी? मुरबाडहून एसटीनं टोकावड्याला उतरेपर्यंत मी मनातल्या मनात त्याच्याशी भांडत होते.

बाहेर दाट धुकं होतं. पायवाटेनं वाडीकडे निघाले. मी आंधळी झाल्यावर सून माझं किती करील, हाच विचार. तेवढ्यात एकतारीचा सूर आला आणि पाठोपाठ बाईचा आवाज, "थांब गो बाय! पुढं पाय टाकू नको. फरशीवरनं पानी चाललंय."

मी थिजले. कान दिला तेव्हा ओहोळाची खळखळ ऐकू आली, अगदी पायांशी. ओहोळ ओलांडायची रोजची बुटकी फरशी पाण्याखाली गेली होती. काठी टेकत एक म्हातारी जवळ आली. तिचे दोन्ही डोळे पांढरे होते.

"तुझ्या चपला वाजल्या म्हनून कळलं," ती म्हणाली. "मला सापगावला जायाचं व्हतं. जीपवाल्यानं भलत्याच रस्त्याला आणून उतरवली. दुपारपास्नं बसलेय हितं, त्याला शिव्या देत."

वरच्या अंगाला ओहोळावर लाकडी साकव आहे, हे मला ठाऊक होतं. धुक्यात कसं चालायचं, ते तिला. एकमेकींना धरून आम्ही निघालो. वाटेत ती आपली हकिकत सांगत होती. लहानपणी तापात डोळे गेले. एका आंधळ्या गाणारणीनं तिला सोबत घेतलं, एकतारी शिकवली. ती गेल्यावर ही एकटीच गावोगाव देवाची गाणी गात फिरते.

"भीती नाय वाटत?" मी विचारलं.

"वाटते की. रोज सकाळी वाटते. पन सांजच्याला कोन ना कोन हात धरतोच. आज तू धरलास."

मला वाटत होतं, हात तिनं माझा धरला आहे.

रात्री ती आमच्याकडेच राहिली. पहाटे देव्हाऱ्यापुढे गायली, तेव्हा सून माझ्याजवळ येऊन बसली आणि आम्ही दोघीही रडलो. उजाडल्यावर म्हातारी आपल्या वाटेनं गेली.

त्या जीपवाल्याची वाट कुणी चुकवली, हे मी विचारत नाही. आता मला फक्त उजेड तेवढा कळतो. सकाळी भीती वाटते, मग मी खंडोबाला म्हणते, दिवस तुझा, ने कुठे न्यायचं ते. आणि उंबरा ओलांडते.