स्वीडिश सिनेमाचा डबा
चिप्सवर व्हिनेगर पडलं की लीड्सच्या फिल्म संग्रहालयातलं तळघर आठवतं. तिथे मी नवीनच नोकरीला लागले होते. आमच्या घरातली पहिली ग्रॅज्युएट मी, त्यामुळे कुणाला काही विचारायचं म्हणजे कमीपणा वाटायचा. एका स्वीडिश दिग्दर्शकानं विनोदी, युद्धाचे, सगळ्या तऱ्हेचे सिनेमे काढले, त्यांचं संकलनही स्वतःच केलं. त्यातल्या एकाची उरलेली एकमेव प्रत तपासायला माझ्याकडे आली. डबा उघडला तर व्हिनेगरसारखा आंबट वास. जुन्या फिल्मला येत असेल, म्हणून मी तो इतर डब्यांत ठेवून दिला. महिन्यानं आमच्या विभागप्रमुख, पुणेकर मॅडम दारातच थबकल्या. "अगं, फिल्म सडतेय! हा रोग शेजारच्या डब्यांनाही लागतो. वास कधीपासून येतोय?" "आजच, मॅडम." त्या एकेक डबा उघडून हुंगत गेल्या आणि सहाव्यापाशी माझ्याकडे वळल्या. "एका दिवसात सहा डब्यांना लागण?" मी ते सहा डबे उचलून वेगळ्या खोलीत नेऊ लागले. आता तळघराची किल्ली माझ्याकडे असते, पण तो वास महिनाभर येत होता, हे मी अजून कुणाला सांगितलेलं नाही.